‘सुरक्षेच्या कारणास्तव माहिती देता येत नाही’ : या ओळीच्या पुढे कसं जायचं?

माझ्या पहिल्या माहिती अधिकार अर्जाचं उत्तर दोन ओळींचं होतं. आमच्या भागात लष्कराची एक फायरिंग रेंज आहे. कडेच्या गावांमध्ये सराव सुरू असला की घरांच्या भिंतींना तडे जातात, कधी कडबा पेटतो, आणि भरपाई वर्षानुवर्षं मिळत नाही अशी गावकऱ्यांची तक्रार. मी तेव्हा एका साप्ताहिकात नवाच होतो. जोशात अर्ज टाकला : रेंजचा नकाशा द्या, वर्षभराच्या सरावाचं वेळापत्रक द्या, कोणता दारूगोळा वापरता ते कळवा. उत्तर आलं, ‘कलम ८(१)(क) अन्वये माहिती देता येत नाही.’ म्हणजे माहिती अधिकार कायद्यातलं देशाच्या सुरक्षेचं कारण. खाली सही, शिक्का. संपलं.

खूप चिडलो होतो. आज तो अर्ज काढून वाचला की वाटतं, त्या अधिकाऱ्याच्या खुर्चीत मी असतो तर मीही तेच उत्तर दिलं असतं. गावकऱ्यांना नकाशा कुठे हवा होता? त्यांना पैसे हवे होते.

सहा महिन्यांनी दुसरा अर्ज केला, तोही तहसील कार्यालयात. गेल्या पाच वर्षांत नुकसानीचे किती पंचनामे झाले, किती दावे पुढे गेले, किती रक्कम मंजूर झाली, कधी वाटली, आणि या नोंदवहीची पाहणी करू द्या, एवढंच मागितलं. नोंदवही लाल कापडी बांधणीची, कोपरे झिजलेले. नाव, गट नंबर, नुकसानीचा तपशील, पंचनाम्याची तारीख, सगळे रकाने निळ्या शाईत नीट भरलेले. शेवटचा रकाना ‘रक्कम अदा केल्याचा दिनांक’. तो पानामागून पान कोरा. माझी बातमी त्या कोऱ्या रकान्यात होती, आणि त्यात देशाचं एकही गुपित नव्हतं.

संरक्षण, गुप्तता, सुरक्षा या विषयांवर पहिल्यांदाच काम करणाऱ्यांसाठी हे लिहितोय. मी वकील नाही. कायद्याचं जे सांगतोय ते ठेचा खाऊन शिकलेलं आहे.

आधी जवळ काय काय हवं

- माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ ची प्रत, मराठी आणि इंग्रजी दोन्ही. मराठी प्रतीत पोटकलमं क, ख, ग अशी जातात; अधिकारी ‘आठ-एक-ए’, ‘आठ-एक-जे’ असं बोलतात. ‘ञ’ म्हणजे त्यांचं ‘जे’, हे कळायला मला एक सुनावणी वाया घालवावी लागली.
- शासकीय गुपिते अधिनियम, १९२३. छोटासा आहे. कलम २, ३ आणि ५ दोनदा वाचा.
- राज्याच्या कार्यालयासाठी १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, केंद्राच्या कार्यालयासाठी १० रुपयांची पोस्टल ऑर्डर. केंद्राचा अर्ज आरटीआय ऑनलाइन पोर्टलवरूनही करता येतो.
- एक जाड वही. डावीकडे अर्जाची तारीख आणि स्पीड पोस्टाची पावती चिकटवायची, उजवीकडे उत्तराची तारीख. मोबाइलमधल्या नोंदींवर विसंबू नका; अपिलाची मुदत एका दिवसाने हुकली की सगळं मुसळ केरात.
- ओळखीचा एक वकील. पैसे घेणारा असला तरी चालेल, पण रात्री फोन उचलणारा हवा.

१. गुपित मागू नका, त्याचा हिशोब मागा

सुरक्षेच्या नावाखाली ठेवलेल्या प्रत्येक गोष्टीला दोन भाग असतात. एक खरोखर नाजूक : कोण, कुठे, कधी, कोणत्या हत्याराने. दुसरा साध्या सरकारी कामकाजाचा : जमीन कोणाची, मंजुरी कोणी दिली, पैसे किती, निविदा किती आल्या, काम वेळेत झालं का, लेखापरीक्षणात काय आक्षेप निघाले. घोटाळे बहुतेक वेळा या दुसऱ्या भागात असतात आणि पहिल्या भागाच्या आडोशाला बसतात.

मुंबईतल्या कुलाब्याच्या ‘आदर्श’ गृहनिर्माण सोसायटीचं प्रकरण आठवा. ३१ मजल्यांची इमारत, शेजारी लष्कराचा परिसर, सभासदांत आजी-माजी लष्करी अधिकारी, नोकरशहा, राजकारणी आणि त्यांचे नातेवाईक. ती कहाणी उलगडली ती महसूल, नगरविकास, पर्यावरण या खात्यांच्या कागदांवरून : जमिनीची मालकी, चटईक्षेत्र, सीआरझेडची (किनारपट्टी नियमन क्षेत्राची) परवानगी, सभासदांची यादी. माहिती अधिकाराचे अर्ज करणाऱ्या कार्यकर्त्यांनी त्यासाठी चिकाटीने घाम गाळला. नोव्हेंबर २०१० मध्ये तेव्हाच्या मुख्यमंत्र्यांना पायउतार व्हावं लागलं. २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने इमारत पाडण्याचा आदेश दिला, आणि पुढे सर्वोच्च न्यायालयाने पाडकाम थांबवून ती केंद्राच्या ताब्यात द्यायला सांगितलं.

तेव्हा अर्ज लिहिण्याआधी एका कागदावर तुमचा प्रश्न लिहा आणि विचारा : याचं उत्तर शत्रूच्या हाती पडलं तर त्याला काही उपयोग आहे? असेल तर प्रश्न बदला. नसेल तर तोच धरून ठेवा.

२. अर्जाआधी जे उघडं आहे ते वाचून काढा

ही पायरी नव्वद टक्के नवखे गाळतात (आकडा माझ्या अनुभवातला, कुठल्या पाहणीतला नाही). मीही गाळली होती.

*कॅगचे अहवाल.* कॅग म्हणजे सरकारी खर्चाचं लेखापरीक्षण करणारी संस्था. युद्धासाठी दारूगोळा किती शिल्लक आहे, याहून नाजूक माहिती कुठली असणार? तरीही २०१७ मध्ये संसदेत मांडलेल्या कॅगच्या अहवालात लिहिलं होतं की तपासलेल्या १५२ प्रकारांपैकी ६१ प्रकारांचा साठा १० दिवसही पुरणारा नाही. त्यानंतर संरक्षणविषयक काही अहवाल कॅगच्या संकेतस्थळावर दिसेनासे झाले. पण सभागृहाच्या पटलावर ठेवलेला कागद सार्वजनिकच असतो. खासदाराच्या कार्यालयातून किंवा दिल्लीतल्या ओळखीच्या वार्ताहराकडून प्रत मिळते. अहवाल वाचताना सारांशावर थांबू नका. परिच्छेदाच्या शेवटी ‘मंत्रालयाचं उत्तर प्रतीक्षेत आहे’ असं वाक्य असेल तर तिथे बोट ठेवा. तुमचा पुढचा अर्ज तिथून सुरू होतो.

*संसदेच्या स्थायी समित्या.* मार्च २०१८ मध्ये संरक्षणविषयक स्थायी समितीच्या अहवालात लष्कराच्याच उपप्रमुखांची साक्ष आली : ६८ टक्के सामग्री जुनाट, २४ टक्के सध्याच्या पिढीची, फक्त ८ टक्के अत्याधुनिक. हे वाक्य एखाद्या सोर्सने कानात सांगितलं असतं तर आपण महिनाभर घाबरत फिरलो असतो. अहवालात ते कोणालाही वाचता येतं.

*संसदेतली उत्तरं.* संकेतस्थळावर मंत्रालय आणि विषय टाकून शोधा. एक बारकावा सांगतो. मंत्री जेव्हा ‘माहिती गोळा केली जात असून पटलावर ठेवण्यात येईल’ असं म्हणतात, तेव्हा ते संसदीय भाषेत ‘आश्वासन’ ठरतं आणि साधारणपणे तीन महिन्यांत ते पुरं करावं लागतं. त्यावर लक्ष ठेवायला स्वतंत्र समिती आहे. राहून गेलेल्या आश्वासनांची यादी म्हणजे बातम्यांचं आयतं शेत.

*राजपत्र.* फायरिंग रेंज १९३८ च्या मॅन्युव्हर्स, फील्ड फायरिंग अँड आर्टिलरी प्रॅक्टिस ॲक्टखाली अधिसूचित होतात. म्हणजे जो ‘नकाशा’ मी लष्कराकडे मागत बसलो होतो, त्यातली गावांची नावं सरकारनेच छापून ठेवली होती. नुकसानभरपाईची तरतूदही त्याच कायद्यात.

*न्यायालयं आणि न्यायाधिकरणं.* सशस्त्र दल न्यायाधिकरणाचं एक खंडपीठ मुंबईत आहे. पेन्शन, बढती, शिस्तभंग यांचे निकाल वाचा. आतल्या कारभाराचं जे चित्र तिथे शपथपत्रावर उमटतं ते कुठल्याही पत्रकार परिषदेत मिळत नाही.

*परदेश.* इथे गोपनीय असलेला व्यवहार तिकडे खुला असू शकतो. अमेरिका मोठी शस्त्रविक्री करण्याआधी तिथल्या काँग्रेसला कळवते आणि ती सूचना जाहीर होते. ३१ एमक्यू-९बी ड्रोनचा अंदाजे ३.९९ अब्ज डॉलरचा प्रस्ताव फेब्रुवारी २०२४ मध्ये असाच कळला. १२ व्हीआयपी हेलिकॉप्टरच्या व्यवहारात फेब्रुवारी २०१३ मध्ये इटलीत अटक झाली, तिथल्या तपासाचे कागद पुढे आले, आणि जानेवारी २०१४ मध्ये भारताने करार रद्द केला. बोफोर्स तोफांच्या खरेदीतल्या लाचेच्या प्रकरणाची पहिली ठिणगीही १६ एप्रिल १९८७ ला स्वीडिश रेडिओवर पडली होती.

३. अर्ज लिहिताना

‘का’ने सुरू होणारा प्रश्न लिहू नका. माहिती अधिकारी तुम्हाला कारणं शोधून द्यायला बांधील नाही. जे कागदावर आहे तेच त्याला द्यायचं आहे.

असं लिहू नका : ‘अमुक कॅन्टोन्मेंटमधील बंगल्याच्या भाडेपट्ट्यात गैरव्यवहार का झाला व जबाबदार कोण?’

असं लिहा : ‘अमुक सर्व्हे क्रमांकाच्या भाडेपट्टा नूतनीकरणाच्या नस्तीतील टिपणी पृष्ठांच्या व पत्रव्यवहाराच्या प्रमाणित प्रती, दि. १ एप्रिल २०१८ ते ३१ मार्च २०२३.’

नस्ती म्हणजे फाइल. तिच्यातली टिपणी मागायला विसरू नका. आदेश एका ओळीचा असतो. तो निघण्याआधी कोणी काय हरकत घेतली आणि ती कोणाच्या सहीने बाजूला पडली, हे टिपणीत असतं. नस्ती क्रमांक माहीत नसेल तर पहिला अर्ज फक्त नस्त्यांच्या सूचीसाठी करा. वेळ जातो, पण पुढे ‘माहिती संदिग्ध आहे’ म्हणायला जागा राहत नाही.

पाहणीचा हक्कही मागा. पहिला तास मोफत असतो आणि केंद्राच्या नियमांत पुढच्या प्रत्येक तासाला ५ रुपये. पाहणीला जाताना पान क्रमांकांकडे लक्ष ठेवा. एका कार्यालयात मला दाखवलेल्या फाइलमध्ये ४६ नंतर थेट ४९ होतं. मी काही बोललो नाही, फक्त पाहणीच्या पोचपत्रावर ‘पृष्ठे ४७ व ४८ नस्तीत आढळली नाहीत’ असं लिहून त्यांची सही मागितली. बाबूंनी चहा मागवला, इकडच्या तिकडच्या गप्पा झाल्या, आणि दोन्ही पानं दुसऱ्या फाइलमध्ये ‘चुकून गेलेली’ सापडली.

चकवे दोन. महाराष्ट्राच्या नियमांत अर्ज एकाच विषयाचा आणि १५० शब्दांत हवा. केंद्रात ही मर्यादा ५०० शब्दांची. आणि केंद्राच्या पोर्टलवर राज्याच्या कार्यालयाचा अर्ज भरलात तर अर्ज परत येतो, शुल्क येत नाही.

अर्जात कारण लिहू नका. कलम ६(२) नुसार ते विचारताही येत नाही. ‘मी पत्रकार आहे’ हेही लिहायची गरज नाही.

४. नकार आला. आता?

३० दिवसांत उत्तर यायला हवं. आलं नाही तर तोही नकारच समजायचा. पुढचे ३० दिवस पहिल्या अपिलासाठी तुमच्या हातात. केंद्रात त्याला शुल्क नाही, महाराष्ट्रात २० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प.

अपील म्हणजे रडगाणं नाही. चार मुद्दे पुरतात, आणि ते या क्रमाने मांडले की बरं :

पहिला, नकार योग्य आहे हे सिद्ध करायची जबाबदारी अधिकाऱ्याची आहे, कलम १९(५). नुसतं पोटकलम टाकून भागत नाही. या माहितीने सुरक्षेला कसा बाध येतो हे सांगावं लागतं.

दुसरा, कलम १०. नाजूक भाग झाकून उरलेला द्या. हा सगळ्यात उपयोगी मुद्दा आणि सगळ्यात जास्त विसरला जाणारा. अपिलात स्वतःहून लिहा, ‘ठिकाण, तुकडीचे नाव व तारखा काळ्या केल्यास माझी हरकत नाही’. समोरच्या माणसालाही सुटकेचा रस्ता लागतो.

तिसरा, कलम ८(२) आणि २२. शासकीय गुपिते अधिनियम असला तरी माहिती अधिकार वरचढ, आणि सार्वजनिक हित होणाऱ्या हानीपेक्षा मोठं असेल तर सूट असलेली माहितीही देता येते. इथे हित कोणाचं ते नेमकं लिहा. ‘व्यापक जनहितार्थ’ एवढंच लिहिलेलं अपील मी तरी जिंकलेलं पाहिलेलं नाही.

चौथा, न्यायालयं काय म्हणालीत. राफेल विमानांच्या खरेदीच्या प्रकरणात १० एप्रिल २०१९ ला सर्वोच्च न्यायालयाने वृत्तपत्रात छापून आलेले संरक्षण मंत्रालयाचे कागद विचारात घ्यायला सरकारची हरकत फेटाळली. (मूळ फेरविचार याचिका मात्र त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये फेटाळली गेली, अर्धी गोष्ट सांगू नका.) पेगॅसस या हेरगिरीच्या सॉफ्टवेअरबद्दलच्या २७ ऑक्टोबर २०२१ च्या आदेशात न्यायालय म्हणालं की राष्ट्रीय सुरक्षेचं नाव घेतलं म्हणून सरकारला दर वेळी मोकळीक मिळणार नाही. आणि ५ एप्रिल २०२३ ला एका मल्याळम वाहिनीच्या प्रकरणात, सुरक्षेचा दावा हवेतून करता येत नाही, त्याला आधार लागतो, असा निकाल आला. तिन्हींच्या प्रती जवळ ठेवा, लागू असलेला परिच्छेद अधोरेखित करून.

सुनावणीत भांडू नका. माझ्या एका सुनावणीत साहेबांनी पहिला प्रश्न केला, ‘तुम्हाला हे कशाला हवंय?’ मी तावातावाने कलम ६(२) ऐकवलं. तांत्रिकदृष्ट्या मी बरोबर होतो, आणि निकाल माझ्या विरुद्ध गेला. पुढच्या वेळी मी म्हणालो, ‘साहेब, कारण सांगायला मी बांधील नाही, पण लपवण्यासारखंही काही नाही. गावातल्या लोकांना भरपाई मिळाली की नाही एवढंच बघायचंय.’ अर्धी माहिती तिथेच मिळाली.

पहिलं अपील फेटाळलं किंवा ४५ दिवसांत निकालच लागला नाही, तर ९० दिवसांत माहिती आयोगाकडे दुसरं अपील. माहिती दडवल्याचं ठरलं तर अधिकाऱ्याला दिवसाला २५० रुपये, जास्तीत जास्त २५,००० रुपये दंड होऊ शकतो. तो क्वचितच होतो, पण अपिलात त्याची मागणी जरूर करा.

एक मोठा चकवा. ‘२० वर्षं झाली की सगळं खुलं होतं’ असं कोणी सांगेल. कलम ८(३) तसं म्हणतं खरं, पण ८(१)(क) ला त्यातून वगळलंय. सुरक्षेचं कारण वीस वर्षांनीही लागू राहतं. १९६२ च्या पराभवावरचा हेंडरसन ब्रुक्स अहवाल १९६३ चा. २०१० मध्ये केंद्रीय माहिती आयोगानेही तो द्यायला नकार दिला. २०१४ मध्ये एका परदेशी पत्रकाराने त्याचा काही भाग इंटरनेटवर टाकला, म्हणून जगाने वाचला.

५. ‘आमची संस्था या कायद्यात येतच नाही’

कलम २४ आणि दुसरी अनुसूची, म्हणजे या कायद्यातून वगळलेल्या संस्थांची यादी. यात गुप्तचर विभाग, रॉ, ईडी, डीआरडीओ, बीएसएफ, सीआरपीएफ वगैरे आहेत. २०११ मध्ये सीबीआय आली, २०२३ मध्ये सायबर सुरक्षा बघणारी सर्ट-इन. यादी स्वतः तपासा, कारण तिचं नाव घेऊन यादीबाहेरचे लोकही हात झटकतात. भूदल, नौदल, हवाई दल अनुसूचीत नाहीत. हिंदुस्तान एरोनॉटिक्स नाही. कॅन्टोन्मेंट बोर्ड तर नाहीच नाही.

यादीतल्या संस्थेलाही भ्रष्टाचार आणि मानवी हक्क उल्लंघनाच्या आरोपांबाबतची माहिती द्यावी लागते. मानवी हक्कांच्या बाबतीत माहिती आयोगाची मंजुरी लागते आणि मुदत ४५ दिवसांची असते. आरोप नुसता तोंडी नको; कॅगचा परिच्छेद, न्यायालयाचा आदेश किंवा तक्रारीची पोच जोडा.

६. गोपनीय शिक्क्याचा कागद हातात आला तर

इथून पुढे सावकाश वाचा.

१९२३ चा कायदा इंग्रजांनी केला आणि आपण जपला. दुसऱ्या प्रशासकीय सुधारणा आयोगाने २००६ मध्ये तो रद्द करण्याची शिफारस केली होती. कायदा आहे तिथेच आहे. कलम ५ मध्ये कागद देणारा जितका अडकतो तितकाच जाणूनबुजून घेणाराही. ‘गुपित’ म्हणजे नेमकं काय याची व्याख्या कायद्यात नाही. शिक्का मारणाऱ्याने मारला, एवढंच.

२००२ मध्ये दिल्लीतल्या एका काश्मिरी पत्रकाराला, इफ्तिखार गिलानी यांना, काश्मीरमधल्या सैन्याच्या संख्येबद्दलचा दस्तऐवज संगणकात सापडला म्हणून अटक झाली. तो पाकिस्तानातल्या एका संस्थेने उघडपणे प्रसिद्ध केलेला मजकूर होता. लष्करी गुप्तचर विभागाने तसं कळवल्यावर सरकारने खटला मागे घेतला. तोवर सात महिने तुरुंगात गेले होते. १९९९ मध्ये निर्गुंतवणुकीची मंत्रिमंडळ टिपणी छापणारे शंतनू सैकिया २००९ मध्ये आरोपमुक्त झाले. शिक्का आहे म्हणून कागद गुपित होत नाही, असं न्यायालय म्हणालं. दहा वर्षं लागली.

म्हणजे कायदा शेवटी बरोबर बाजूने उभा राहतो, पण प्रक्रिया हीच शिक्षा असते. तेव्हा :

- कागद कुठे ठेवलात हे घरच्यांनाही सांगू नका. त्यांना अडचणीत आणायचं नसतं.
- फोटो काढून व्हॉट्सॲप ग्रुपवर ‘हे खरं आहे का बघा रे’ असं कधीही टाकू नका. हसू नका, मी हे होताना पाहिलंय.
- आधी वकील, मग संपादक, मग बाकीचे.
- तीच माहिती उघड्या मार्गाने मिळते का बघा. पाच-सहा वेळा तरी मला मिळाली आहे, आणि मग हातातल्या कागदाचा उल्लेखही करावा लागला नाही.
- पैसे देऊन कागद घेऊ नका. एकदाही नाही.
- निषिद्ध क्षेत्राच्या पाटीसमोर मोबाइल काढू नका. पाटीचा फोटोही नको.

७. सोर्स

भारतात पत्रकाराला सोर्सचं नाव न सांगण्याचा सरळ कायदेशीर हक्क नाही. प्रेस कौन्सिल कायद्याच्या कलम १५(२) मध्ये संरक्षण आहे, पण ते कौन्सिलसमोर. न्यायालयात किंवा पोलिसांनी फोन जप्त केल्यावर ते कामाचं नाही. म्हणून जे नाव फोनमध्ये नाही तेच सुरक्षित.

अमेरिकेतलं २०१७ चं प्रकरण प्रत्येक नवख्याला माहीत असावं. रिॲलिटी विनर या कंत्राटी कर्मचारी मुलीने एनएसए या तिथल्या गुप्तचर संस्थेचा एक अहवाल छापून एका वृत्तसंस्थेला पोस्टाने पाठवला. पत्रकारांनी खरेपणा तपासायला त्याची प्रत सरकारलाच दाखवली. कागदावर घडी दिसत होती, म्हणजे तो छापून बाहेर नेलाय हे कळलं. तो कोणी कोणी छापला होता हे तपासलं तर सहा जणं निघाली. तिला पाच वर्षं तीन महिन्यांची शिक्षा झाली. धडा अगदी घरगुती आहे : अधिकाऱ्याला प्रतिक्रिया विचारताना मूळ कागद दाखवू नका, मजकूर स्वतःच्या शब्दांत टाइप करून विचारा. स्कॅनमधले नस्ती क्रमांक, हस्ताक्षरातले शेरे, प्रत क्रमांक यांवरूनही माणूस सापडतो.

आपल्याकडचं उदाहरण जवळचं आणि जास्त दुखरं आहे. २०१७ मध्ये नाशिकजवळच्या देवळालीत सहायक पद्धतीवर, म्हणजे जवानांकडून साहेबांची घरकामं करवून घेण्यावर, छुपी चित्रफीत प्रसिद्ध झाली. त्यानंतर एक जवान मृतावस्थेत सापडला. पत्रकार महिलेवर शासकीय गुपिते अधिनियम आणि आत्महत्येस प्रवृत्त केल्याचा गुन्हा दाखल झाला. एप्रिल २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो रद्द केला. मी त्या प्रकरणात कोणाचा न्याय करायला बसलेलो नाही. पण तेव्हापासून गणवेशातल्या माणसाचा छुपा कॅमेऱ्याने घेतलेला शब्द मी वापरत नाही. आपल्याला उद्या दुसरी बातमी असते, त्याला त्याच बराकीत झोपायचं असतं.

बोफोर्सचे स्वीडनमधले कागद देणारे पोलीस अधिकारी स्टेन लिंडस्ट्रॉम यांचं नाव २०१२ मध्ये त्यांनी स्वतः सांगितल्यावर बाहेर आलं. पंचवीस वर्षं पत्रकार चित्रा सुब्रमण्यम यांनी ते तोंडातून काढलं नाही. सोर्सला भेटायच्या आधी स्वतःला विचारा, इतकी वर्षं गप्प बसायची तयारी आहे का?

८. छापण्याआधी

संबंधित कार्यालयाला लेखी प्रश्नावली पाठवा, मुदत द्या, पोच ठेवा. ‘फोन केला, उचलला नाही’ हे न्यायालयात फार दुबळं दिसतं.

मजकुरातून जवानांची नावं, तुकड्या, ठिकाणाचे अक्षांश-रेखांश, पुढच्या तारखा काढा. बातमी त्यांच्याशिवाय उभी राहत नसेल तर ती अजून तयार नाही. २६/११ च्या थेट प्रक्षेपणाबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २०१२ च्या कसाबच्या निकालात वाहिन्यांना जे सुनावलं ते एकदा वाचा. दहशतवादविरोधी कारवाईच्या थेट प्रक्षेपणावर पुढे नियमानेच बंदी आली, ती आपल्याच लोकांनी ओढवून घेतली.

आणि आवडत्या वाक्यावर शंका घ्या. आदर्शची जमीन ‘कारगिलच्या वीरपत्नींसाठी राखीव’ होती हे वाक्य इतकं छापलं गेलं की तेच प्रकरण झालं. चौकशी आयोग म्हणाला, जमीन राज्याची होती आणि असं आरक्षण नव्हतंच. बाकीचे गंभीर आक्षेप कायम असूनही, त्या एका वाक्याने संबंधितांना ‘बघा, सगळं खोटं’ म्हणायची संधी दिली.

९. छापल्यानंतर

बातमीची सगळी कागदपत्रं तारखेनुसार एका फाइलमध्ये लावा आणि एक प्रत वकिलाकडे ठेवा. नोटीस येते ती बातमी विसरल्यावर येते. गावात परत जा. मी गेलो तेव्हा एका आजींनी तडा गेलेल्या भिंतीवर चिकटवलेलं माझं कात्रण दाखवलं. पैसे आले का विचारलं तर म्हणाल्या, ‘कागद आला बाबा, पैसं न्हाई.’ तो कागद म्हणजे दावा मंजूर झाल्याचं पत्र होतं. त्याचा जावक क्रमांक मी वहीत उतरवून घेतला आणि दुसऱ्या दिवशी १० रुपयांचा स्टॅम्प आणला.